राणी आणि शिंगवाला

भूकंपाला वर्ष होत आलं होतं. लातूरला एका शिकवणीसाठी मी प्राणिशास्त्राच्या आकृत्या काढायचो. बेडकाचं हृदय, झुरळाचे पाय. मी तेहतिशीचा, बायको तिशीची. भूकंपात तिचं माहेर गेलं. आई, भाऊ, घर, सगळं. तेव्हापासून मी जवळ सरकलो तरी ती दचकायची. मी कधी बळजबरी केली नाही, पण बोललोही नाही.

पाठकोरे कागद आणायला मी रद्दीवाल्याकडे जायचो. तिथं मोठ्यांसाठीची एक परदेशी चित्रकथा हाती लागली. लिपी इंग्रजीच, भाषा मात्र कुठली तरी वेगळीच. काळा किल्ला, पंखांचा, शिंगांचा पाताळराजा आणि त्याच्यासमोर उघड्या अंगानं ताठ उभी राणी. शाई इतकी गडद, की तिच्यातून उजळलेला खांदा बघताना भीती वाटायची आणि ओढही.

मी ते पुस्तक पाठकोऱ्या कागदांच्या गठ्ठ्यात लपवलं. एका रविवारी दुपारी झाडताना बायकोला ते सापडलं. ती खाली बसून एकेक पान उलटू लागली. मी दारात मेल्यासारखा उभा.

"टाकून देतो," मी म्हणालो.

"थांबा हो." तिनं एका चित्रावर बोट ठेवलं. "एवढा दांडगा, पण हात पुढं करून थांबलाय बघा. ती हाव म्हणंस्तोवर शिवत न्हाई."

मी हे पाहिलंच नव्हतं. मी नुसती अंगं पाहिली होती.

"तिला भ्या वाटतंय, तरी पळंना," ती म्हणाली. "माझ्या भ्याला तोंडच न्हाई. नुसती माती दिसती."

मग ती ढिगाऱ्यातून निघालेल्या आईच्या हाताबद्दल बोलली. वर्षात पहिल्यांदा. संध्याकाळपर्यंत बोलली, रडली. मी ऐकत राहिलो.

पुढं ते पुस्तक आम्ही मिळून कितीदा तरी पाहिलं. शब्द कळत नव्हते, म्हणून राणीच्या तोंडी ती आमची बोली घालायची: "शिंगं भाईर ठिवून ये, मग बोल." आम्ही खूप हसायचो. आणि काही आठवड्यांनी तीच म्हणाली, "जवळ या."

अशा चित्रांना लोक घाण म्हणतात, काही असतातही. पण कुठल्या देशातल्या कुणी भीती आणि वासना एकाच पानावर इतक्या जपून काढल्या, ते मला कधी कळलं नाही. त्याचे उपकार मात्र आम्ही दोघंही मानतो.