दोन कप चहाचं वाक्य

रविवारी दुपारचा प्रयोग संपल्यावर मी रंगपटात गेले. नाटक आमच्या शेजारच्या वसंतरावांनी लिहिलेलं, म्हणून आत सोडलं मला. एक बाई नटाला म्हणत होती, "ते 'अजूनही दोन कप चहा टाकतो मी' वाक्य कसं हो सुचलं तुम्हाला?"

नट हसला. "सुचतं हो असंच!"

असंच? वसंतरावांची बायको गेली, त्यानंतर वर्षभर त्यांच्या ओट्यावर दोन कप मी या डोळ्यांनी बघितलेत! आणि ते स्वतः कुठे? तिथेच भिंतीला टेकून. फोटो काढायचा म्हणून त्या बाईनं आपली पर्स त्यांच्याच हातात दिलेली! तीस वर्षं नाटकं, सिनेमे लिहितोय हा माणूस. जाहिरातीत नटाचा फोटो वीतभर, आणि ह्यांचं नाव शोधायला मला चष्मा लागतो. माणसं रडतात ती कुणाच्या शब्दांनी, याचा विचारच कुणी करू नये?

"अहो, सांगा की तिला!" मी म्हटलं.

"राहू द्या वहिनी. पोचलं ना तिला."

पोचलं म्हणे! मी त्यांच्या हातातली पर्स घेतली आणि बाईंपुढे धरली.

"ही तुमची. आणि ते वाक्य ह्यांचं."