बसली काय?

"बसली काय?"

हातात रिकामा ट्रे घेऊन चाचा मेसच्या दारातून विचारायचे. टीव्हीवरची नजर न काढता आम्ही "नाही" म्हणायचो. ते मान हलवून पुन्हा भांड्यांकडे वळायचे. नवीन आलेल्या माणसाला वाटायचं, कोंबडी अंड्यांवर बसली का विचारतायत. आता रियाधच्या कॅम्पात कोंबडी कुठली?

चाचा रत्नागिरीकडच्या खाडीकाठचे, आमच्या कंपनीच्या मेसमध्ये वाढपी. शुक्रवारच्या सुट्टीला ते बत्ह्याच्या बाजारातल्या व्हिडिओच्या दुकानातून जुने काळे-पांढरे अमेरिकन सिनेमे आणायचे. इंग्रजीचा गंध नाही, पण ते सिनेमे दुसरं कोणी नेत नसे, म्हणून स्वस्त पडायचे. त्यात एक जाडगेली बाई हमखास असायची. दार उघड, कोट घे, चहा आण. नायिका बदलायच्या, ही तीच. केस पिकत गेले तरी हातातला ट्रे काही सुटला नाही. दुकानदाराच्या कॉपीत नावांचा भाग कापलेला असायचा, म्हणून आम्हीच तिचं बारसं करून टाकलं. मावशी.

"अख्खी नोकरी सरली, बाईला खुर्ची नाय," चाचा म्हणायचे. खरंच नव्हती. आजाऱ्याच्या उशाशी ती उभी. लग्नात सगळं चर्च बसलेलं आणि ही मागे नवरीचं कुत्रं धरून उभी. एकदा ती स्टुलाला टेकली तेव्हा आम्ही टाळ्या वाजवल्या. चाचांनी निकाल दिला, "टेकली. बसली नाय."

तुम्हीही असा एखादा माणूस पाहिला असेल. चाचा स्वतःसुद्धा बसत नसत. जेवायचे ते ओट्यापाशी, उभ्याने. पायांच्या शिरा सुजून दोरखंडासारख्या झाल्या होत्या. डॉक्टरांनी बजावलं होतं, बसायला शिका, नाहीतर पाय जातील. मी रागावलो की म्हणत, "ती बसू दे, मग मी बसतो." मला त्यांचा संताप यायचा, आणि जीवही लागला होता.

मग आखाताचं युद्ध आलं. सायरन झाला की सगळ्यांनी टीव्हीच्या खोलीत शिरायचं, विषारी वायू येऊ नये म्हणून दार-खिडक्यांच्या फटी चिकटपट्टीने बंद करायच्या आणि तोंडावर ओला टॉवेल धरायचा. एका संध्याकाळी सायरन वाजला आणि फोरमन ओरडला, "चाचा, टेप लगाओ, यल्ला, जल्दी."

चाचांनी निमूटपणे व्हिडिओत कॅसेट सरकवली.

फोरमनला हवी असलेली टेप, म्हणजे चिकटपट्टी, स्टोअरमध्ये राहिली होती. शेवटी चाचांनीच चपात्यांची कणीक आणली आणि आम्ही फटी लिंपल्या. सिनेमा कोणी बंद केला नाही. पडद्यावर मेजवानी चालली होती. एक पाहुणा उठून गेला आणि मावशीच्या पुढ्यात रिकामी खुर्ची आली. तिने ट्रे खाली ठेवला. खुर्चीच्या पाठीवर हात टेकवला. टॉवेलांआडून सगळी खोली म्हणाली, "बस बाई, बस."

तेवढ्यात बाहेर धमाका झाला आणि वीज गेली.

दिवे आले तेव्हा आम्ही सगळे धड होतो. चाचांनी कणकेच्या हातांनी कॅसेट ओढून काढली, ती फितीचा गुंता होऊनच बाहेर आली. "खलास," ते म्हणाले.

युद्ध संपलं, पण चाचांचे पाय कामाचे राहिले नव्हते. कंपनीने त्यांना कायमचं घरी पाठवलं. विमानतळाच्या बसमध्ये सगळ्या सीटा रिकाम्या आणि हे दांडा धरून उभे. मला हसू आलं आणि रडूही आलं.

पुढे तोच सिनेमा मला बत्ह्यातल्या दुसऱ्या दुकानात मिळाला. मी एकट्याने पाहिला. मावशी खुर्चीच्या काठावर टेकली, आतून घंटा वाजली, ती उठली. एवढंच.

चाचांच्या गावात फोन दुकानातच होता. तिथे फोन लावून मी त्यांना बोलावून घेतलं. मी म्हणालो, "चाचा, बसली."

"टेकली की बसली?"

"बसली. चांगली मागे रेलून बसली."

मग फोनपासून तोंड फिरवून ते दुकानदाराला म्हणाले, "बाबा, जरा खुर्ची दे रे."

खुर्ची ओढल्याचा आवाज मला रियाधला ऐकू आला.