चुलीमागचा काळा डाग

पांढरकवड्याजवळच्या एका गावात मैत्रिणीने लावलेला सेट बघायला मी गेले, ती चुका काढायलाच. सिनेमा एकच, पैसा बेताचा, म्हणून दिग्दर्शकाने काम वाटून दिलं होतं: कळंबमधलं कारकुनाचं घर माझ्याकडे, खेड्यातलं शेतकऱ्याचं घर तिच्याकडे. पुढच्या सिनेमाचं सगळं डिझाइन आमच्यातल्या एकीला मिळणार, हे त्याने दोघींनाही सांगून ठेवलं होतं.

माझं घर चोख झालं होतं. पोचे आलेली भांडी, दाराला तेलकट बोटं, खिडकीत शिवणाचा डबा; यादीतलं काही सुटलं नव्हतं. ते बघून तो म्हणाला, "छान आहे, ताई." तिच्या घरात मात्र तो उकिडवा बसून धुराने काळ्या झालेल्या भिंतीवरून हात फिरवत होता. शूटिंगच्या आधीपासून ती तिथे रोज स्वयंपाक करत होती म्हणे. मला ते बघवेना.

आदल्याच दिवशी खोलीत छतापर्यंत कापूस भरला होता. त्याच खोलीत चूल पेटलेली, नटी भाकरी थापायची तालीम करत होती. मला आनंद झाला. सगळ्यांना ऐकू जाईल असं मी विचारलं, "काय वं, घर जाळाचं हाय का तुले?"

"काहून?"

"कापसापाशी चूल पेटवते का कोणी? कापूस घरात आला का चूल बाहेर निघते. कास्तकाराची पोरगी ना तू?"

तिने कपाळावर हात मारला. "अवं माय! बरं झालं तू आलीस. माह्या सासूनं पाह्यलं असतं तं चिमट्यानंच हाणलं असतं मले." आणि खो खो हसली. रागावली असती तर मला बरं वाटलं असतं.

चूल पडवीत मांडली. मीही हात लावला. नुसतं उभं राहणं मला जमत नाही. चूल हलल्यावर खोलीच्या भिंतीवरचा काळा डाग उघडा पडला. मी पोतेरं भिजवून पुढे झाले, तर तिने मनगट धरलं.

"राहू दे ना. मंग समजन कसं, चूल इथून बाहेर गेली म्हणून?"

शॉटमध्ये पुढे पडवीत भाकरी थापणारी बाई, मागे दारातून दिसणारा पांढरा कापूस आणि त्याच्या कडेला तो डाग. दिग्दर्शक कितीतरी वेळ मॉनिटरसमोरून उठला नाही. चूक मी काढली होती, पण माझ्या सेटवर तो डाग सारवला गेला असता.

पुढचा सिनेमा तिला मिळाला. ते सांगायला फोनही तिनेच केला. "येशीन ना माह्यासंग?"

"तुह्या हाताखाली?"

"मंग काय डोक्यावर बसशीन?"

राहायची सोय, गाडी, मदतीला माणसं, पडद्यावर नाव कुठे येणार, सगळं मी एकेक करून विचारलं. माझं नाव तिच्या नावाखाली येणार होतं. मी हो म्हणाले. मग दिवसभर ती फ्रेम डोळ्यांपुढे आणून दुसरी एखादी चूक शोधत राहिले. सापडली नाही.