माराकडे न वळलेला कॅमेरा

मंगलाष्टकं सुरू झाली की आम्ही सगळे नवरा-नवरीवर कॅमेरा रोखायचो आणि हा पठ्ठ्या पाठ फिरवून वऱ्हाडाकडे वळायचा. "तोंडं बघ गड्या, तोंडं. खरी गंमत तितं हाय," म्हणायचा. बारामतीत आम्ही दोघंही लग्नाचं शूटिंग करायचो. गिऱ्हाईकं माझ्याकडे जास्त, पण नजर त्याच्याकडे होती. म्हणून तर तो मला सलायचा.

मग त्यानं सिनेमा काढला. गाणं नाही, गोष्ट नाही. मालक गड्याला मारतो आणि गाव बघत राहतं, एवढंच. तेही आम्हाला कुणाला आधी सांगितलं नव्हतं. पिंपळीतली वीसेक माणसं त्यानं शेताच्या बांधावर जमवली, मदतीला मला बोलावलं. "आदी च्या घ्या, मग सुरू करू."

आम्ही चहा बशीत ओतला, तेवढ्यात जीपमधून एक धिप्पाड माणूस उतरला आणि शेतात राबणाऱ्या एका मजुराला पट्ट्यानं बडवायला लागला. आम्हाला ते खरंच वाटलं. तरी कुणी उठलं नाही. दोघं भिगवणचे नट होते आणि कॅमेरा चालू होता, हे त्यानं सगळ्यांना नंतर सांगितलं.

सिनेमा बारामतीतच एका हॉलमध्ये दाखवला. पडद्यावर मार नव्हताच. नुसता पट्ट्याचा आवाज आणि आमची तोंडं. कुणी बशीत बघतंय, कुणी चप्पल शोधतंय. पिंपळीचे एक तात्या ताडकन उठले. "आमाला भेकड दावतुयास व्हय रं? न सांगता?"

"सांगितलं असतं तर तुमी समदे सोडवाय धावला असता, तात्या."

गलका झाला, सिनेमा अर्ध्यात थांबला. सगळे माझ्याकडे वळले, धंद्यातला माणूस म्हणून. तोही बघत होता. असलं काही मला जन्मात जमलं नसतं, हे मला कळून चुकलं होतं.

"ह्यो सिनेमा न्हाय, फसवणूक हाय," मी म्हणालो.

फसवणूक होतीच म्हणा. पण मी जळून बोललो होतो.

तो नुसता "बरं" म्हणाला. पुढं त्यानं कॅमेरा विकला. आता इंदापूरकडे बहिणीची पेरूची बाग बघतो म्हणतात. जाताना सिनेमाचा पेन ड्राइव्ह माझ्या दुकानात ठेवून गेला होता. तो मी परवा शेवटपर्यंत पाहिला.

शेवटी पडदाभर मी आहे. बाकीचे खाली बघताहेत. मी माराकडेही बघत नाही, खालीही नाही. मी सरळ कॅमेऱ्याच्या लाल दिव्याकडे बघतोय. कॅमेरा चालू आहे, हे मला एकट्याला तेव्हाच कळलं होतं. समोर माणूस मार खात होता आणि याला काय शॉट मिळतोय, म्हणून माझा जळफळाट चालला होता. चेहऱ्यावर लख्ख दिसतंय.

त्या दिवशी भरल्या हॉलमध्ये 'शेवटी ह्याचं तोंड बघा' एवढं त्यानं सांगितलं असतं तरी पुरे होतं. त्याच्या जागी मी असतो, तर नक्की सांगितलं असतं.