पितळखोरं राहिलं, अप्पांची भाकरी झाली

ऐन पावसाळ्यात पितळखोऱ्याची लेणी बघायला जाऊ नकोस, असं घरचे म्हणाले, म्हणूनच मी निघाले. छत्रपती संभाजीनगरहून चाळीसगावची सकाळची एसटी पकडा. बायकांना अर्धं तिकीट. कन्नडला पोटभर खाऊन घ्या, पुढे धड काही मिळत नाही.

कन्नड सोडलं आणि पुढचा पूल पाण्याखाली गेला. मागचा ओढाही चढला. मधल्या वस्तीतल्या बाया डोक्यावर खताच्या रिकाम्या गोण्यांच्या खोळी घेऊन आल्या आणि बसमधल्या सगळ्यांना बुद्धविहारात घेऊन गेल्या. सतरंज्या अंथरल्या, चुली पेटल्या. लोक याला पाहुणचार म्हणतील. मी हिंमत म्हणते. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या दाराबाहेर उभं केलं, त्यांनी दार उघडलं होतं.

माझ्या शेजारच्या सीटवरचे अप्पा, शहरातले निवृत्त कारकून, उंबऱ्याबाहेरच बसले. सकाळी इन्सुलिन घेतलेलं, डबा संपलेला, हात थरथरू लागलेले.

"मी बाहेरचं खात नाही."

"बाहेरचं कुठं हाय? घरातलंच हाय की," चुलीपाशी बसलेल्या कमलबाई म्हणाल्या.

खरं कारण सगळ्यांनाच कळलं. मी उठले. शतकांचा हिशेब माझ्या जिभेवर तयारच असतो. "अप्पा, तुम्ही ज्या..."

"ताई, सभा नंतर. आधी यांच्या पोटाचं बघू." कमलबाईंनी पिठाची परात अप्पांपुढे सरकवली. "घ्या, तुमच्या हातानं थापा. मग तर चालंल?"

अप्पांची पहिली भाकरी परातीतच फाटली. दुसरीचा वाकडातिकडा आकार बघून एक म्हातारी म्हणाली, "ह्यो कोणता जिल्हा म्हणायचा?"

अप्पाही हसले, पण हसता हसता त्यांना दरदरून घाम फुटला. कमलबाईंनी आपली भाकरी गुळासोबत दुधात कुस्करली आणि वाटी त्यांच्या हातात ठेवली. "भांडण सकाळी करू."

ते मान खाली घालून खात राहिले. थरथर थांबली. मग त्यांनी विचारलं, "वरण आहे का?"

दुसऱ्या दिवशी सकाळी पाणी ओसरलं. निरोप घेताना कमलबाई म्हणाल्या, "शहरात आले तर मला कुठं बसवाल? अंगणात?"

अप्पा म्हणाले, "स्वयंपाकघरात."

पितळखोरं बघायचं राहिलं. तुम्ही पावसाळा टाळा. घरी आल्यावर मला एकच प्रश्न छळत होता: 'स्वयंपाकघरात' हे भागलेल्या भुकेनं म्हटलं, की माणसानं? परवा अप्पांचा फोन आला.

"भाकरी अजून फाटते. रविवारी कमलबाई शिकवायला येतायत, आमच्या चुलीपाशी. तुम्हीही या. भाषण तेवढं घरी ठेवा."