ठाण्याची हवा

"जीभ दाखवा," मी म्हणालो, तर नवऱ्यानेच तोंड उघडलं.

"अहो भाऊराव, पेशंट कोण? तुम्ही की गोदाबाई?"

कल्याणच्या सरकारी दवाखान्यात मी हॉस्पिटल असिस्टंट होतो. म्हणजे काम डॉक्टरचं, मान अर्ध्याचा. भाऊराव कचेरीत कारकून. त्यांच्या बायकोला दीड महिना झोप नव्हती. आडवं झालं की डोळे टक्क उघडे, आणि दिवसा चुलीपुढे डुलकी. दोनदा हात भाजला होता. मी क्लोरल दिलं. हे झोपेचं औषध, त्याने घोडासुद्धा आडवा होतो. बाई काही होईनात. सिव्हिल सर्जनसाहेबांना विचारलं, तर म्हणाले, "डोस डबल करा." माझा हात धजेना. जास्त झालं तर श्वासच थांबायचा.

"भाऊराव, बाटली विहिरीवर विसळून आणा." तेव्हा औषधाची बाटली पेशंटनेच घरून आणायची. ते गेले तसं मी विचारलं, "बाई, हे कधीपासून?"

"ठकी सासरी गेल्यापासून. ठाण्याला दिलीय. इतकी वर्षं कुशीत झोपायची हो माझ्या! आता हात नुसता अंथरूण चाचपतो." बाईंनी डोळ्याला पदर लावला.

"मग भेटून या की! ठाणं काय काशीला आहे?"

"लेकीकडे कशी जाऊ? तिला मूल होईपर्यंत तिथलं पाणीसुद्धा चालत नाही आम्हाला. हे तर नावही काढू देत नाहीत."

भाऊराव देवापेक्षा सहीशिक्क्याला जास्त भ्यायचे. मी कागद ओढला. 'पेशंटला एक दिवस ठाण्याची हवा आवश्यक.' खाली सही, वर शिक्का.

बाटली विसळून परत आलेल्या भाऊरावांनी कागद दोनदा वाचला. "सरकारीच आहे, मग काय इलाज! पण पाणी आपलं न्यायचं."

तांब्याभर पाणी आणि दशम्या घेऊन दोघं सकाळच्या गाडीने गेली. दुसऱ्या दिवशी बाई एकट्याच आल्या.

"लागली का झोप?"

"लागली मेली! ठकीच्या ओटीवर जरा टेकले, ती गाडीची वेळ झाल्यावरच उठले. एक शब्द बोलले नाही हो पोरीशी! ती आपली दिवसभर उशाशी वारा घालत बसलेली. 'उठवलं का नाहीस गं?' म्हटलं, तर म्हणते, 'आई, किती दमलेली दिसत होतीस तू.'"

औषध लागू पडलं होतं आणि पेशंट माझ्यासमोर ढसाढसा रडत होती. चूक माझीच, डोस कमी पडला. लगेच दुसरा कागद लिहिला. तेव्हापासून हवापालट लिहायचा तर मी दोन दिवसांचा लिहितो. एक झोपेला, एक बोलायला.