सोंगाची पोस्त

शिमग्यात कुणी रागवायचं नाही, हा आमच्या गावचा कायदा. कुणाची शिडी होळीवर जायची, कुणाचा नांगर आंब्यावर टांगलेला सापडायचा, आणि धुळवडीला बाप्ये लुगडी नेसून घरोघर सोंगं नाचवायचे. त्यात सुनांची नक्कल ठरलेली. डोक्यावर हंडा, कमरेत लचक, मुंबईच्या मनीऑर्डरीसाठी रडणं. आम्ही बायांनी दाराआडून बघायचं आणि हसायचं. मला हसू येत नसे. थट्टेचा मक्ता काय बाप्यांनीच घेतला होता?

स्वराज्य येऊन काही वर्षं झाली होती, पण आमच्या ओटीपर्यंत ते पोचलं नव्हतं. बोर्लीच्या शाळेत मुलींना शिकवायला बाई हवी होती. मी सातवी पास. नवरा मुंबईला गिरणीत, त्याची हरकत नव्हती. हरकत सासऱ्यांची. "आमच्या घरची सून पगार मागत फिरनार न्हाय," म्हणाले आणि त्यांच्यापुरता विषय मिटला. शिमग्यापर्यंत थांबतो, मग दुसरी बाई बघतो, असं गुरुजींनी कळवलं होतं.

सासरे गावचे मानकरी. आदल्या वर्षी एकजण सोंगावर चिडला, तर यांनीच त्याला दंड म्हणून होळीपुढे नारळ ठेवायला लावला होता.

धुळवडीला मी त्यांचंच धोतर नेसले, कोट चढवला, काजळाची मिशी काढली आणि मागच्या दाराने जाऊन सोंगांत मिसळले. आमच्या अंगणात आल्यावर त्यांच्यासारखी खाकरले, तपकीर ओढली आणि छाती काढून गरजले, "सून पगार मागत फिरनार न्हाय!" हशाच हशा. मग कुणीतरी माझ्या हातातल्या बांगड्या पाहिल्या आणि हे सोंग खुद्द सुनेचं आहे, हे सगळ्यांना कळलं.

सोंगाला पोस्त दिल्याशिवाय दारातून घालवत नाहीत. सासऱ्यांनी खिशातून नाणं काढलं.

"ही पोस्त नको, मामंजी. शाळंत जायाला व्हय म्हना."

"सोंग उतरव आन् घरात हो."

"पोस्त घेतल्याबिगर सोंग हलत न्हाय. आन् रागावलात तर नारळ ठेवावा लागंल."

मी जागची हलले नाही. सगळं गाव त्यांच्या तोंडाकडे बघत होतं.

"बरं. जा," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी निघाले, तर ओटीवरून आवाज आला, "कुठं निघालीस? शिमग्यातली थट्टा शिमग्यात ऱ्हाते."

"थट्टा तुमी केली असंल, मामंजी. मी न्हाय केली."

मी पायात वहाणा घातल्या. ते उठून उभे राहिले. तेवढ्यात सासूबाई आतून आल्या. माझ्या बाजूने त्या कधी एक शब्द बोलल्या नव्हत्या. त्यांनी फडक्यात बांधलेली भाकरी सासऱ्यांसमोरच माझ्या हातात दिली.

"नीघ लवकर," म्हणाल्या. "पयल्या दिवशी उशीर नको."